आगोट : आगाशी-अर्नाळ्याची एक जुनी पुंजी

व्याख्यानमालेचे हे दिवस आणि आमच्या आगाशी-अर्नाळ्याकडील आगोटीचे दिवस एकच. आगोट म्हणजे पावसाळ्यापूर्वीची बेगमी. तांदूळ, डाळी, मसाला, सरपण, कैरीच्या वाळवलेल्या फोडी हे सारे मृगाच्या आधी घरात येऊन पडले पाहिजे. आणि त्याबरोबर सुकी मासळीही आली पाहिजे. बोंबील, जवळा, करंदी, सोडे, वाकट्या, मांदेली. एकदा पाऊस लागला की होड्या किनाऱ्यावर ओढल्या जातात आणि नारळी पौर्णिमेपर्यंत समुद्राकडे काही मागायचे नाही, असा जुना रिवाज आहे. आज सरकारी नियमानेही १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद असते. त्या दिवसांत ताटात जे पडते ते चैत्र-वैशाखाच्या उन्हाने राखून ठेवलेले असते.

ह्या पुंजीविषयी आम्ही आज बोलणार आहोत. आम्ही पाकशास्त्राचे जाणकार नाही. शाळा दहावीला सुटली. पुढचे शिक्षण थोडे वाचनालयात आणि पुष्कळसे कारखान्यांच्या फाटकांवर झाले. कामगारांच्या संघटना बांधणे हे आमचे काम. तेव्हा खाद्यपरंपरेशी आमचा काय संबंध, असे कोणी विचारील. संबंध आहे. परंपरा जपा, असे हल्ली सगळेच म्हणतात. परंतु जपायचे म्हणजे नेमके काय जपायचे, हा प्रश्न फारसा कोणी विचारीत नाही. कृतींचे पुस्तक छापले म्हणजे परंपरा जपली गेली काय? आम्हांला तसे वाटत नाही. का वाटत नाही, ते क्रमाने सांगतो.

प्रथम गाव पाहू. विरार स्टेशनच्या पश्चिमेला निघाले की वाड्या लागतात, मग आगाशी आणि त्यापुढे अर्नाळ्याचा किनारा. समोर बेटावर अर्नाळ्याचा किल्ला. सोळाव्या शतकात आगाशी हे जहाजे बांधण्याचे नावाजलेले ठिकाण होते. पोर्तुगीजांनी त्यावर हल्ले करून ते जाळल्याच्या नोंदी आहेत. १७३७ साली अर्नाळा मराठ्यांकडे आला आणि १७३९ साली वसई पडली. ह्या साऱ्या उलाढालीत येथे निरनिराळ्या जातिधर्मांचे लोक शेजारी-शेजारी नांदू लागले. मांगेला कोळी, वाडवळ, भंडारी, आगरी, सामवेदी, ख्रिस्ती कोळी. मासा तोच, पण चूल वेगळी. आणि चूल वेगळी म्हणून चवही वेगळी.

आता समुद्राकडे वळू. ताटातली चव समुद्राच्या तळापासून सुरू होते, ही गोष्ट शहरात राहणाऱ्यांच्या सहसा ध्यानात येत नाही. मुंबईच्या उत्तरेकडचा समुद्र उथळ आणि गाळाचा आहे. खंबायतचे आखात जवळ असल्यामुळे भरती-ओहोटीचा जोर मोठा. दक्षिण कोकणात खडकाळ किनाऱ्यालगत जी जाळी चालतात, ती येथे तशीच चालत नाहीत. येथे चालते डोल. डोल म्हणजे मोठ्या पिशवीसारखे जाळे. त्याचे तोंड प्रवाहाकडे करून ते खुंटांना किंवा नांगरांना बांधून ठेवतात. जाळे माशांमागे धावत नाही. भरती-ओहोटीचा प्रवाहच मासे जाळ्यात आणतो. असा वाहत येणारा मासा लहान आणि मऊ असतो. बोंबील, जवळा, करंदी, मांदेली, वाकटी हे सारे डोलीचे मासे. आमच्या भागाच्या स्वयंपाकात ह्याच माशांना एवढे स्थान का, ह्याचे उत्तर त्या जाळ्यात आहे.

हे जाळे प्रवाहावर चालते म्हणून ते तिथीवरही चालते. अमावास्या आणि पौर्णिमा ह्यांच्या आसपास पाण्याला जोर असतो, त्याला उधाण म्हणतात. अष्टमीच्या सुमारास पाणी मंदावते, तो भांग. उधाणात मासळी अधिक, भांगात कमी. त्यामुळे ज्या घरात पंचांग कोणी उघडले नसेल, त्या घरातील बाईलाही आज तिथी कोणती हे टोपलीवरून कळत असे. उधाण आले की ताजे कालवण आणि उरलेली मासळी वलांडीवर. भांग आला की डब्यातली सुकट बाहेर. स्वयंपाकघराचा महिना असा चंद्राच्या कलांवर चाले.

वलांडी हा शब्द येथे समजावून सांगितला पाहिजे. बांबू रोवून त्यांवर आडव्या दोऱ्या ताणलेल्या असतात. बोंबील सुकवण्याची ती मांडणी. बोंबलाच्या अंगात दहा भागांतले सुमारे नऊ भाग पाणी. पकडल्यावर तो काही तासांतच बिघडू लागतो. बर्फ नव्हता त्या काळी त्याला वाचवण्याचा एकच उपाय होता, ऊन आणि वारा. दोन बोंबलांचे जबडे एकमेकांत अडकवून ती जोडी दोरीवर टाकायची. ह्याला मीठ लागत नाही, खिळा लागत नाही, यंत्र लागत नाही. माशाच्या दातांचाच आकडा होतो. दोन-तीन दिवसांत बोंबील काठीसारखा कडक होतो आणि वर्षभर टिकतो. मिठाशिवाय मासा टिकवण्याची ही युक्ती ज्या कोणी प्रथम काढली, त्यांचे नाव इतिहासात नाही; पण शोध मोठा आहे. त्याच उन्हात, अर्ध्या कोसावर आगाशीच्या वाड्यांतून राजेळी केळ्यांची सुकेळी होत असतात. समुद्रकाठी बोंबील, वाडीत केळे. दोन्हीकडे विद्या एकच.

बोंबलाच्या इंग्रजी नावाची एक गोष्ट पुष्कळांनी ऐकली असेल. सुका बोंबील डाकगाडीने जाई, त्या 'बॉम्बे डाक'चे साहेबांनी 'बॉम्बे डक' केले, अशी ती गोष्ट. ऐकायला गोड आहे. पण मुंबई-ठाणे रेल्वे सुरू झाली १८५३ साली, आणि हे इंग्रजी नाव त्याआधीच्या छापील मजकुरांत सापडते. तेव्हा डाकगाडीची गोष्ट मागाहून रचलेली दिसते. मात्र रेल्वेचा आणि आमच्या मासळीचा संबंध खरा आहे. १८६७ साली विरारहून मुंबईला गाडी सुरू झाली, आणि किनाऱ्यावरच्या बायकांच्या पाट्यांना मुंबईची पेठ दिसली.

आता एक पदार्थ पाहू, म्हणजे चुलीवरचे ज्ञान कोणत्या जातीचे असते ते कळेल. आमच्याकडे बोंबलाचे भुजणे करतात. पुष्कळांना आगाशी म्हटले की भुजिंग आठवते. कोळशावर भाजलेली कोंबडी आणि पोहे ह्यांचा तो पदार्थ सुमारे १९४० पासून आगाशीत विकला जातो, आणि लांबून लोक त्यासाठी येतात. भुजणे नावाने त्याचे भावंड वाटेल, पण कृती निराळी. ताजे बोंबील साफ करून दोन-दोन तुकडे करायचे. पसरट टोपात बारीक चिरलेला कांदा, ठेचलेला लसूण, हिरवी मिरची, कोथिंबीर, हळद, मीठ, चिंचेचा कोळ किंवा कैरीच्या फोडी आणि कच्चे तेल हे सारे हाताने चांगले चुरायचे. फोडणी नाही. वर बोंबील रचायचे आणि टोप चुलीवर ठेवायचा. पाणी घालायचे नाही, कारण बोंबील स्वतःच पाणी सोडतो. मुख्य गोष्ट पुढेच आहे. त्यात डाव घालायचा नाही. डाव घातला की मासा मोडला. दोन्ही कडा फडक्याने धरून टोप हलवायचा, बस्स.

हे आम्ही सांगितले, तुम्ही लिहून घेतले. तरी उद्या तुमचे भुजणे जमेलच असे नाही. बोंबील पहाटेचा की दुपारचा, तो पाणी किती सोडील, टोप कधी हलवायचा आणि केव्हा उतरायचा, हे सांगणारे शब्द नाहीत. ते हातात असते. हाच मासा शेजारच्या ख्रिस्ती घरात बाटली मसाल्याने शिजतो. उन्हाळ्यात वीस-पंचवीस जिन्नस भाजून, कुटून, बाटल्यांत दाबून भरलेला तो मसाला. त्याचे प्रमाण प्रत्येक घराचे वेगळे असते. मराठीत १९१० साली लक्ष्मीबाई धुरंधर ह्यांचे 'गृहिणीमित्र अथवा हजार पाकक्रिया' प्रसिद्ध झाले. मुंबईच्या पाठारे प्रभूंच्या स्वयंपाकाचे, मासळीसुद्धा, त्यात दर्शन घडते. मोलाचे काम झाले. परंतु किनाऱ्यावरच्या कोळणीचे आणि मांगेलणीचे ज्ञान लिहिण्यात आले नाही. ते आईकडून मुलीकडे आणि सासूकडून सुनेकडे गेले. अशा ज्ञानाची एक पिढी चुकली की पुढची पिढी ते शोधायला कोठे जाणार?

येथे आमची स्वतःची गोष्ट सांगितली पाहिजे. १८ जानेवारी १९८२ रोजी मुंबईच्या कापड गिरण्यांचा संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले. त्यांत आमचे वडील होते. आमचे वय तेव्हा बारा. उन्हाळ्यापर्यंत घरातली पुंजी संपली. आई अर्नाळ्याला मासळी निवडायला आणि सुकवायला रोजाने जाऊ लागली. मजुरी थोडी, पण निवडीत उरलेला जवळा आणि मांदेलीचा चुरा घरी आणू देत. तो तिने मडक्यात भरून ठेवला. त्या पावसाळ्यात आमच्या घरी भाकरी आणि जवळ्याची चटणी ह्याखेरीज फारसे काही शिजले नाही. मूठभर जवळा, एक कांदा, दोन मिरच्या ह्यांत पाच माणसे जेवली. हरलेल्या संपाच्या त्या वर्षी आमच्या घराला उपासमारीपासून कोणी वाचवले असेल तर त्या आगोटीने. म्हणून वारसा हा शब्द ऐकला की आम्हांला राजवाडा दिसत नाही. जवळ्याचे मडके दिसते.

आणि तरीही आम्ही त्या मडक्याला लाजलो, हेही सांगतो. सुमारे वीस वर्षांपूर्वी वसईच्या पूर्वेकडील एका कारखान्यात आमची संघटना होती. मालकांनी फलक लावला की जेवणाच्या खोलीत सुक्या मासळीचा डबा उघडू नये, वास येतो. पॅकिंगमधल्या बायका फाटकाबाहेर, नाल्याच्या कडेला बसून जेवू लागल्या. वाटाघाटींच्या यादीत हा मुद्दा होता. आम्ही तो खोडला. बोनसचा प्रश्न मोठा, डब्याचा क्षुल्लक, असे आम्ही ठरवले. आणि खरे सांगायचे तर साहेबांपुढे बोंबलाच्या वासाची गोष्ट काढायला आम्हांला संकोच वाटला. नंतर त्यांतली एक वयस्क बाई म्हणाली, "भाऊ, बोनस वर्षाला एकदा मिळतो, डबा रोज उघडायचा असतो." आम्ही निरुत्तर झालो. त्या वेळी लागू असलेल्या १९४८ च्या कारखाने कायद्यात, दीडशेहून अधिक कामगार असतील तेथे घरून आणलेले जेवण खाण्यासाठी खोली दिली पाहिजे, असे स्पष्ट कलम होते. डब्यात काय असावे, ह्याची अट कायद्याने घातलेली नव्हती. पुढल्या वर्षी तो फलक उतरवून घेतला. परंतु एक वर्ष त्या नाल्याकाठी जेवल्या, ते आमच्या खात्यावर राहिले.

वासाचा हा प्रश्न आपल्याच गावापुरता नाही. १९९७ साली युरोपीय संघाने सुक्या बोंबलाच्या आयातीला बंदी केली. कारण हे की मान्यताप्राप्त कारखान्यात तयार न झालेला मासा नको. आणि बोंबील तर उघड्या वाऱ्यावर सुकतो. इंग्लंडमधल्या त्याच्या चाहत्यांनी मोहीम चालवली. अखेर असे ठरले की मासा पूर्वीप्रमाणे उघड्यावर सुकवावा, पण बांधणी मान्यताप्राप्त ठिकाणी करावी. ह्या तोडग्यात शिकण्यासारखे काही आहे. स्वच्छतेचा आग्रह रास्तच आहे. वाळूवर पसरलेली मासळी आणि वलांडीवरची मासळी ह्यांत आम्हीही वलांडीवरचीच घेऊ. परंतु स्वच्छता हवी म्हणून जुनी पद्धतच मोडायची, की जुनी पद्धत ठेवून तिला स्वच्छ करायचे, हा प्रश्न आहे. आणि ती मोडण्याची गरज नव्हती, हे तेथे दिसून आले.

आता आज काय हरवत आहे ते पाहू. चार गोष्टी हरवत आहेत. पहिली, मासा. बारीक आसांच्या जाळ्यांनी पिले उपसली जातात. मोठ्या यांत्रिक बोटी आणि दिव्यांच्या झोतात चालणारी मासेमारी लहान डोलकराच्या तोंडचा घास काढते. पर्ससीन जाळ्यांवर महाराष्ट्राने २०१६ साली निर्बंध घातले. २०२३ साली पापलेटला राज्यमासा ठरवले आणि पन्नासांहून अधिक जातींच्या माशांसाठी पकडण्याचा किमान आकार नेमून दिला. नियम चांगले आहेत. परंतु बाजारात तळहाताएवढेही नसलेले पापलेट मागणारे गिऱ्हाईक जोवर आहे, तोवर नियम कागदावर राहतील. तो गिऱ्हाईक आपणांपैकीच कोणी आहे.

दुसरी, जागा. मासळी सुकवायला मोकळे मैदान लागते. ती मैदाने पिढ्यान्‌पिढ्या वापरात आहेत, पण सातबारावर पुष्कळ ठिकाणी मच्छीमाराचे नाव नाही. २००९ साली वसई-विरार महानगरपालिका झाली. शहर वाढले, किनाऱ्याच्या जमिनीला भाव आला. ज्या जमिनीवर इमारत उभी राहू शकते, तेथे बोंबील वाळवणे हे लोकांना उधळपट्टी वाटू लागले. उत्तरेला डहाणूजवळ वाढवण बंदराची पायाभरणी २०२४ साली झाली. मासेमारीचे क्षेत्र जाईल म्हणून पालघरच्या मच्छीमारांनी त्याला विरोध केला आहे. बंदराच्या बऱ्यावाईटाची चर्चा हा वेगळा विषय; पण डोल लावायला समुद्र नसेल तर भुजण्याची कृती घेऊन काय करायचे, एवढे तरी विचारले पाहिजे.

तिसरी, हात. केंद्रीय सागरी मत्स्यसंशोधन संस्थेच्या २०१० सालच्या गणनेत महाराष्ट्रात ४५६ मच्छीमार गावे आणि ८१ हजारांवर मच्छीमार कुटुंबे मोजली गेली. ह्या कुटुंबांत मासा पकडतो पुरुष. परंतु निवडणे, सुकवणे, विकणे आणि शिजवणे हे बहुतेक बाईचेच काम. त्या बाईला धड कामगार म्हणून मजुरी नाही, धड व्यापारी म्हणून गाळा नाही. पदपथावरच्या विक्रेत्यांसाठी २०१४ साली कायदा झाला. तरी पाटी उचलून नेण्याची भीती तिची सुटलेली नाही. चौथी गोष्ट, खाणारा. नव्या इमारतींतून मासळीच्या वासाला नाक मुरडले जाते, आणि आमचीच मुले डब्यात सुकट नको म्हणतात. आम्ही ज्या गोष्टीला लाजलो, तिलाच तीही लाजतात. त्यांना दोष कसा द्यावा?

कोणी म्हणेल, मग जगात इतर लोक काय करतात? २०१० साली मेक्सिकोची पाककला आणि फ्रेंचांची भोजनपद्धती, २०१३ साली जपानी लोकांचा 'वाशोकू' युनेस्कोच्या वारशाच्या यादीत गेले. आम्हांला त्याहून जवळचे वाटते ते २०२१ सालचे उदाहरण. पश्चिम आफ्रिकेतील सेनेगालचा 'चेबू जेन' हा भात आणि मासे ह्यांचा पदार्थ त्या यादीत घेतला गेला. तो सेंट लुई बेटावरच्या मच्छीमारांच्या चुलींतून निघालेला. मच्छीमार बाईचे रांधणे हा राष्ट्राचा वारसा असू शकतो, हे त्या लहान देशाने जगाला सांगितले. आपल्या जिल्ह्यातही डहाणू-घोलवडच्या चिकूला, वाड्याच्या कोलम तांदळाला आणि बहाडोलीच्या जांभळाला भौगोलिक मानांकन मिळाले आहे. जमिनीत पिकते त्याला जो मान, तो समुद्रातून येऊन वलांडीवर वाळते त्याला का नसावा?

पण मान हा शेवटचा टप्पा आहे, पहिला नव्हे. येथे एक आक्षेप आम्ही स्वतःच घेतो. जुन्या चवीचे गोडवे गाणारे बहुधा जेवणारे असतात, रांधणारे नसतात. आमच्या आईच्या बोटांना करंदीच्या काट्यांनी कायमच्या भेगा पडल्या होत्या. तीन तास पाट्यावर वाटण वाटणे ही संस्कृती असेल, पण ती पाठदुखीही आहे. परंपरा जपण्याच्या नावाखाली बाईला पाट्याशी बांधून ठेवायचे असेल तर ती परंपरा आम्हांला नको. वाटण यंत्राने करावे, मासळी जाळीच्या मांडवात वाळवावी, पाटी डोक्यावरून न नेता गाडीतून न्यावी. त्याने चव कणभर कमी झाली तरी चालेल. टोप हलवण्याची कला जपायची आहे. भेगा जपायच्या नाहीत.

मग करायचे काय? आम्हांला सुचते ते थोडक्यात असे. सुकवणीच्या जागा मोजून गावनकाशावर मांडाव्यात आणि त्या राखीव कराव्यात. सुकवणी-निवडणी करणाऱ्या बायकांना कामगार म्हणून नोंदवावे आणि त्यांची सहकारी संस्था असावी. मुंबईत माहीमच्या कोळीवाड्यात बचतगटाच्या स्त्रियांनी समुद्रकाठी स्वतःच्या हातचे पदार्थ विकण्याचे केंद्र चालवून दाखवले आहे. ते अर्नाळ्याला का होऊ नये? शाळांतून मुलांना एक काम द्यावे, आजीकडून एक पदार्थ, त्यातल्या माशाचे गावातले नाव आणि तो येण्याची तिथी लिहून आणा. आणि आपण, बाजारात जाणाऱ्यांनी, लहान पिले घेऊ नयेत, बंदीच्या दोन महिन्यांत सुके खावे. आगोटीचा मूळ अर्थच तो होता. समुद्राला उसंत देण्यासाठी केलेली तजवीज, ती ही.

संघटनेने काही साधत नाही, असे म्हणणाऱ्यांना आम्ही एकच आठवण देतो. १९९१ साली परदेशी जहाजांना भागीदारीने आपल्या खोल समुद्रात मासेमारीची मुभा मिळाली. किनाऱ्यावरच्या मच्छीमार संघटनांनी १९९४ साली देशभर बंद पाळला, उपोषणे केली. सरकारला मुरारी समिती नेमावी लागली, आणि समितीने ते परवाने रद्द करण्याची शिफारस केली. त्या लढ्यात कोळणी पुढे होत्या. समुद्र वाचवणाऱ्या त्याच आणि भुजणे करणाऱ्याही त्याच. परंपरेचे रक्षण स्वतंत्रपणे करावे लागत नाही; ती चालवणारे माणूस टिकले की ती टिकते.

आमची आई आता नाही. तिच्या जवळ्याच्या चटणीचे प्रमाण आम्ही तिला कधी विचारले नाही. सभांना जायचे असे, वेळ नसे. आज आम्ही ती चटणी करतो. जवळा तोच, कांदा तोच. घरातले म्हणतात चांगली झाली. परंतु ती तिची नाही, हे आम्हांला पहिल्या घासालाच कळते. ज्यांच्या घरी अजून विचारायला कोणी आहे, त्यांनी आज घरी गेल्यावर विचारावे. वैशाख सरत आला आहे. मृगाला फार दिवस उरलेले नाहीत.